द्राक्षबाग विकून निर्माती व्हावं का?

प्रश्न थोडक्यात असा आहे. विचारणारी मुलगी तासगावकडची, बी.कॉम. झालेली. सांगलीत एकांकिका स्पर्धांना संघाची सगळी व्यवस्था तीच बघते. तिला सिनेमा आणि मालिकांची निर्माती व्हायचंय. एका ओळखीच्या दिग्दर्शकाकडे 'कथा तयार आहे', वडील बागेतले दोन एकर विकून 60 लाख द्यायला तयार आहेत. तिला विचारायचंय की पैसे घालावेत का, आधी कोर्स करावा का, आणि या कामात करिअर म्हणून पुढे काय असतं.

बाग विकू नकोस. हे उत्तर आधी देऊन ठेवतो.

मी सातारा-वाई पट्ट्यात लाइन प्रोड्युसर म्हणून काम करतो. मुंबईचं युनिट खंबाटकी उतरून सुरूरला वळलं की त्यांचं राहणं, जेवण, गाड्या, परवानग्या, गावातली भांडणं, सगळं आमच्या गळ्यात. त्यामुळे निर्मात्याचा पैसा कुठल्या वाटेने जातो हे रोज बघायला मिळतं.

60 लाखांत छोटा मराठी सिनेमा तयार होतो. नवे कलाकार, एकच गाव, बडेजाव नाही. पण तयार झालेला सिनेमा थिएटरला लावायचा खर्च वेगळा असतो: ट्रेलर, पोस्टर, डिजिटल जाहिरात, थिएटरच्या प्रोजेक्शनची फी, पीआर, कलाकारांना घेऊन गावोगाव फिरणं. नवे निर्माते नेमकं हेच धरत नाहीत. समजा त्याला 40 लाख लागले. झाला 1 कोटी. आता तिकिटाकडे ये. 150 रुपयांच्या तिकिटातून 18 टक्के जीएसटी वजा केला की राहतात 127 रुपये. मल्टिप्लेक्समध्ये पहिल्या आठवड्यात त्यातला साधारण निम्मा वाटा आपल्या बाजूला येतो, म्हणजे साडेत्रेसष्ट. वितरकाचं कमिशन 15 टक्के धरलं तर तुझ्या हातात 54 रुपये. 1 कोटी परत यायला 1 लाख 85 हजार तिकिटं विकली गेली पाहिजेत, आणि तीही पहिल्याच आठवड्यात. कारण 2009 साली निर्माते आणि मल्टिप्लेक्सवाल्यांचं भांडण मिटताना हिंदी सिनेमासाठी जो हिशेब ठरला, त्याच धर्तीवर वाटा पुढे 42.5, 37.5 आणि 30 टक्के असा उतरत जातो. एका शोला 150 माणसं आली तरी हे सव्वाबाराशे शो झाले. नवख्या मराठी सिनेमाला मिळतो दुपारचा शो, तोही शुक्रवारी मिळालेला सोमवारी टिकेल याची खात्री नाही.

यावर लोक हमखास म्हणतात, अनुदान आहे ना. आहे. अ दर्जाला 40 लाख, ब दर्जाला 30 लाख हे आकडे वर्षानुवर्षं सगळ्यांच्या तोंडी आहेत. चालू शासन निर्णय स्वतः काढून वाच, कारण अटी बदलत असतात. पण ते परीक्षण समितीने दिलेल्या गुणांवर मिळतं, आणि सिनेमा पूर्ण झाल्यावर मिळतं. मिळालं तर आनंद. बजेटच्या जमेच्या बाजूला ते आधीच लिहून ठेवणाऱ्या माणसाबरोबर मी काम धरत नाही. वाहिनी आणि ओटीटीच्या हक्कांचंही तेच. ते चेहरे बघून विकले जातात, करार हातात असेल तरच जमेत धरायचे.

आता मूळ गैरसमजाकडे येतो. पैसे घालतो तो निर्माता, असं आपल्याकडे धरून चालतात. पैसे घालणारा फायनान्सर असतो, त्याला व्याज किंवा वाटा हवा असतो. निर्माता म्हणजे ज्याच्याकडे त्या सिनेमाचे हक्क आहेत आणि जो ठरलेल्या पैशांत, ठरलेल्या दिवसांत तो पूर्ण करून देण्याची जबाबदारी घेतो. कायदासुद्धा असंच बघतो. 1957 च्या कॉपीराइट कायद्यात सिनेमाचा कर्ता निर्माता आहे, दिग्दर्शक नाही, आणि तो हक्क प्रदर्शनानंतर 60 वर्षं चालतो. साठ वर्षं टिकणारी मालमत्ता कागदावर उभी असते, म्हणून निर्मात्याचा पहिला खर्च कॅमेऱ्यावर नको, वकिलावर हवा.

तुझा दिग्दर्शक म्हणतो कथा तयार आहे. कथा कोणाची? त्याने स्वतः लिहिलेली, मित्राने ऐकवलेली, की एखाद्या दिवाळी अंकात वाचलेली? पटकथा आणि संवाद वेगवेगळ्या माणसांनी लिहिले असतील तर प्रत्येकाचं स्वतंत्र हक्कपत्र लागतं, लेखी आणि सहीचं. त्यात मुदत लिहिली नाही तर कायदा ती 5 वर्षंच धरतो. प्रदेश लिहिला नाही तर हक्क भारतापुरतेच मानले जातात. आणि करारात वेगळं काही ठरलं नसेल, तर घेतलेला हक्क वर्षभरात वापरला नाही की तो रद्द झाल्यासारखाच. गीतकार आणि संगीतकारांचं आणखी निराळं: 2012 च्या दुरुस्तीनंतर, थिएटरमध्ये सिनेमा दाखवण्यापलीकडच्या वापरासाठी त्यांना मिळणारा रॉयल्टीचा वाटा ते निर्मात्याला लिहून देऊ शकत नाहीत. 'सगळे हक्क निर्मात्याचे' अशा एका ओळीचा नमुना करार इंटरनेटवरून उतरवून सह्या घेतल्या तर तो ऐनवेळी उपयोगी पडत नाही.

आमच्या भागातल्या एका सिनेमाचं असंच झालं. नाव सांगत नाही. सिनेमा बरा होता, ओटीटीबरोबर बोलणं पक्कं व्हायला आलं होतं. त्यांच्या वकिलाने कागदांची यादी पाठवली, त्यात संगीतकाराचं हक्कपत्र. संगीतकाराशी सगळा व्यवहार व्हॉट्सअॅपवर झालेला, मानधन पोहोचल्याचा अंगठा दाखवलेला, बस्स. दरम्यान त्या पोराची दोन गाणी गाजली होती. सही करायला त्याने जी रक्कम मागितली ती निर्मात्याच्या मिळकतीच्या जवळपास निम्मी होती. गाणी काढून टाकायची तर पार्श्वसंगीतही त्याचंच. शेवटी सौदा बारगळला. शूटिंगच्या आधी तोच पोरगा एका सहीवर सगळं द्यायला तयार होता.

बॅनर आणि सिनेमाचं नाव नोंदवायला अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळ आहे, कार्यालय कोल्हापुरात, म्हणजे तुला जवळच. ते काम सोपं आहे, त्यात वेळ घालवत नाही.

निर्मात्याचं अर्धं काम असं कागदाचं, उरलेलं अर्धं दिवस सांभाळायचं. ते कसं असतं ते एका उसाच्या फडावरून सांगतो.

वाईजवळच्या गावात नायकाचं घर ठरलं. दिग्दर्शकाला खिडकीतून दिसणारा ऊस आवडला. उभा, तुऱ्याला आलेला, वाऱ्याने हलणारा. रेकीला, म्हणजे शूटिंगआधी जागा बघायला आलेले सगळे खूश. मी मालकाला बाजूला घेऊन तीनच गोष्टी विचारल्या: लागण कधीची, नोंद कुठल्या कारखान्याला, तोड कधी येणार. तो म्हणाला, "चिटबॉय म्हणलाय, पंधरा-वीस दिसांत." चिटबॉय म्हणजे गावात उसाची नोंद आणि तोड बघणारा कारखान्याचा माणूस. शूटिंग होतं महिनाभर. म्हणजे अर्धा सिनेमा होईतो खिडकीबाहेर ऊस, आणि नंतर नुसतं पाचट. एकाच रात्रीच्या प्रसंगातल्या दोन शॉटमध्ये फड गायब झाला तर प्रेक्षक हसतात. पूर्ण फड उभा ठेवणं कुणाला परवडत नाही, आणि त्याची गरजही नसते. कॅमेऱ्याला खिडकीतून दिसते ती पट्टी दोन-अडीच गुंठ्यांची. तेवढी राखायची ठरली. पण ऊसतोडीची टोळी एकदा गेली की दोन गुंठ्यांसाठी परत येत नाही, त्यामुळे त्या उसाचे पैसे, मागाहून तोडायची आणि वाहतुकीची मजुरी, वजनातली घट, त्याच बुडख्यांवर पुढचं पीक म्हणजे खोडवा घ्यायला उशीर होतो त्याचं नुकसान, हे सगळं धरून मालकाला आगाऊ रक्कम दिली आणि कागद केला. साध्या वहीच्या पानावर, दोन साक्षीदारांच्या सह्यांनी. एका दिवसाच्या पुन्हा-शूटिंगच्या खर्चापुढे ती रक्कम किरकोळ होती.

आपल्याकडे शूटिंग करताना असलं पंचांग पाठ लागतं. पौष पौर्णिमेला मांढरदेवची यात्रा, तेव्हा वाईच्या बाजूच्या रस्त्यांवर व्हॅनिटी आणि जनरेटर हलवायचे नाहीत. रंगपंचमीला बावधनचं बगाड, त्या दिवशी त्या भागात कुणी कामावर येणार नाही, आणि बोलावूही नये. गळीत हंगामात ट्रॅक्टरच्या जोड ट्रॉल्या. थ्री फेज लाइट ज्या वेळेला येते त्या वेळेला शेतातल्या पाण्याच्या सगळ्या मोटारी सुरू, तेव्हा नदीकाठचा हळवा संवाद ठेवला तर साउंडवाला हेडफोन काढून ठेवतो. पिठाच्या गिरणीवाल्याला दिवसाची मजुरी देऊन गिरणी बंद ठेवायची, ही बजेटमधली खरीखुरी ओळ आहे. मेणवलीचा घाट सुंदर आहे, 'स्वदेस'पासून सगळ्या देशाला तो ठाऊक आहे, पण तिथे धुणं धुवायला येणाऱ्या बायकांची वेळ सकाळची आहे आणि ती त्यांचीच राहिली पाहिजे. हे ज्याला कळतं त्याला गाव पुन्हा येऊ देतं.

तुझी बी.कॉम.ची पदवी कुठे लागते ते सांगतो. रोज पॅक-अपनंतर डेली प्रॉडक्शन रिपोर्ट भरला जातो, आम्ही नुसतं डीपीआर म्हणतो. कॉल टाइम, म्हणजे युनिटला सेटवर बोलावलेली वेळ, काय होता, पहिला शॉट कधी लागला, किती सीन झाले, किती राहिले, जेवणाची ताटं किती, डिझेल किती लिटर, कोणाची शिफ्ट वाढली. समजा युनिटचा दिवसाचा खर्च अडीच लाख आहे आणि शिफ्ट 12 तासांची. म्हणजे तासाला 20 हजारांच्या वर. नायिकेची साडी इस्त्री झाली नव्हती म्हणून दोन तास गेले तर इस्त्री 40 हजारांना पडली. पण हा आकडा निर्मात्याला त्याच रात्री कळला तर उपयोग. महिनाअखेर कळला तर नुसती चिडचिड. पेटी कॅशच्या व्हाउचरांचंही तसंच. ज्या व्हाउचरवर 'किरकोळ' लिहिलंय ते मी परत पाठवतो. एकांकिकेच्या संघाचा टेम्पो, जेवण, नेपथ्याचा हिशेब तू ठेवतेस, म्हणजे हात बसलेला आहे. इथे फक्त आकड्यांना शून्यं जास्त.

परवानग्यांमध्ये एक गोष्ट सगळे विसरतात, ती जनावरांची. सीनमध्ये शेळी, म्हैस, घोडा काहीही दिसणार असेल तर भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाची परवानगी आधी लागते, आणि त्याचं कार्यालय मुंबईत नाही, हरियाणात आहे. जनावराच्या तब्येतीचा पशुवैद्याचा दाखला, मालकाचं संमतिपत्र, सीनमध्ये ते नेमकं काय करणार त्याचं वर्णन हे सगळं शूटिंगच्या बरंच आधी पाठवायचं. नाहीतर सेन्सॉरला सिनेमा अडतो. ग्रामीण गोष्ट करायची म्हणजे गोठा येणारच, तेव्हा पटकथा वाचतानाच जनावरं मोजून ठेव. सेन्सॉरचे नवे नियम 2024 चे आहेत, त्यांत यूए प्रमाणपत्राचे 7, 13 आणि 16 वर्षं असे टप्पे झालेत. वाहिनीला विकायचा विचार असेल तर तेही लिहितानाच डोक्यात ठेवावं.

मालिकांचा हिशेब पूर्ण वेगळा. तिथे पैसे वाहिनीचे असतात, मालिकेचे हक्कही बहुतेक वेळा वाहिनीचेच, आणि निर्माता एका भागाला ठरलेल्या दरात काम करून देतो. अर्ध्या तासाच्या भागात प्रत्यक्ष साधारण 22 मिनिटं. आठवड्याला सहा भाग लागत असतील तर रोज एक भाग पडलाच पाहिजे, आणि वर थोडी बँक, म्हणजे आधीच तयार ठेवलेले भाग, हवी, नाहीतर मुख्य कलाकाराला ताप आला की गोष्ट त्याला चार दिवस मुंबईला पाठवते. टीआरपी मोजणाऱ्या बार्क संस्थेचे आकडे आठवड्याला येतात आणि त्याप्रमाणे कथा वळते. परवा मेलेलं पात्र आज हवं असतं. ऐकायला हे सुरक्षित वाटतं, कारण प्रेक्षक आले नाहीत तरी भागाचे पैसे मिळतात. अडचण वेळेची. समजा भागाला 2 लाख खर्च, महिन्याला 26 भाग, म्हणजे 52 लाख. वाहिनीकडून पैसे यायला दोन-तीन महिने लागले तर दीड कोटीपर्यंत रक्कम तुझी अडकलेली. शिवाय बिल लावलं की त्याचा जीएसटी पुढच्या महिन्यात भरायचा, पैसे आलेले असोत वा नसोत. छाटणीपासून औषधं-खतं तुमच्या खिशातून आणि दलालाचा चेक माल गेल्यावर, हे तुझ्या घरात नवीन नाही. म्हणून मालिकेच्या निर्मात्याची खरी ताकद बँकेतली पत असते, आणि ती एकदोन वर्षांत तयार होत नाही. कलाकारांचे, लाइटमनचे पैसे थकवून मालिका चालवणारेही आहेत. त्यांच्याकडे शिकायला जाऊ नकोस, थकवायचंच शिकशील.

साताऱ्याच्या मातीत मालिका उभी राहू शकते हे 'लागिरं झालं जी'ने 2017 ते 2019 मध्ये दाखवलं. निर्माती श्वेता शिंदे, बोली इथली, चेहरे बरेचसे इथले. त्यानंतर या भागात मालिकांचे सेट येत राहिले. मुंबईत भाड्याच्या बंगल्यात होणारं काम इथे वाड्यात, शेतात होतं, आणि स्थानिक पोरापोरींना प्रॉडक्शनमध्ये शिरकाव मिळतो. हिंदीवाले तर 'गंगाजल', 'दबंग'च्या काळापासून वाईत येतायत; उत्तरेतलं गाव दाखवायचं तरी गाडी कृष्णाकाठी थांबते.

तुझं करिअर इथून सुरू व्हावं असं माझं मत आहे. प्रॉडक्शन असिस्टंट म्हणून लाग. पैसे थोडे, कामाला अंत नाही, पण हिशेब, कॉल शीट, गाड्या, जेवण हे सगळं हातून जातं. तिथून प्रॉडक्शन मॅनेजर, मग लाइन प्रोड्युसर, मग एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसर. शेवटच्या दोघांत फरक आहे. लाइन प्रोड्युसर खर्च आणि दिवस सांभाळतो. एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसर वाहिनी, लेखक आणि सेट यांच्यामध्ये उभा राहून रोज तिघांच्याही शिव्या खातो. ज्याला ते जमतं तो पुढे स्वतःचं बॅनर काढतो. घाई केलीस तर लाइन प्रोड्युसरवर आंधळेपणाने विसंबावं लागेल, आणि माझ्या धंद्यातले सगळेच माझ्यासारखे नाहीत.

मुलगी म्हणून काही गोष्टी वेगळ्या आहेत, त्या झाकून ठेवत नाही. रात्री दोनला पॅक-अप होतो. कामाला लागण्याआधी राहण्याची सोय युनिटबरोबर आहे का, ड्रॉपची गाडी कोणाची, सेटवर तक्रार कोणाकडे करायची हे विचार, आणि गुळमुळीत उत्तर आलं तर जाऊ नकोस. पहाटे पिकअप केलेल्या ड्रायव्हरने रात्रीचा ड्रॉप करायचा नाही, हा नियम जिथे पाळतात ते प्रॉडक्शन बाकीच्या बाबतीतही बरं निघतं. परवा एका सेटवर हिशेबाच्या टेबलावर तिघीही मुलीच होत्या, त्यामुळे तू एकटी पडशील असं नाही.

कोर्सचं म्हणशील तर कोलकात्याच्या सत्यजित राय संस्थेत निर्मितीचाच स्वतंत्र अभ्यासक्रम आहे, प्रवेश परीक्षा कठीण. तिथे शिकलेल्यांना करार आणि बाजारपेठ चांगली कळते. झेपत असेल तर जरूर प्रयत्न कर. पण वर्षभर सेटवर काढून गेलीस तर वर्गात विचारायला स्वतःचे प्रश्न असतील. पुण्या-मुंबईतले तीन महिन्यांचे महागडे 'प्रोड्युसर बना' छापाचे वर्ग मात्र मला पैशाची नासाडी वाटतात.

तू सांगलीची आहेस म्हणून एक आडवळण. विष्णुदास भावेंचं नाव नाट्यगृहावर रोज वाचतेस. 1843 मध्ये पहिलं नाटक झालं ते राजाश्रयाने, चिंतामणराव पटवर्धनांच्या. 1851 मध्ये राजेसाहेब वारले आणि आश्रय संपला. भाव्यांनी मंडळी मोडली नाही. ती घेऊन ते दौऱ्यावर निघाले आणि 1853 मध्ये मुंबईत तिकीट लावून खेळ केले. त्यांना आपण नाटककार म्हणून ओळखतो. माणसं, सामान, प्रवास आणि गल्ला सांभाळणारा हा गृहस्थ आपल्या मुलखातला पहिला निर्माताही होता, असं मला वाटतं.

वडिलांना सांग की बाग राहू दे. फार तर 2-3 लाख बाजूला काढा, तेही दोन वर्षं सेटवर काढल्यावर, एखादा लघुपट संपूर्ण कायदेशीर कागदांसह तयार करायला: प्रत्येकाचं हक्कपत्र, रोजचा डीपीआर, शेवटी ताळेबंद. ती फाइल घेऊन तू पुढच्या सिनेमासाठी चार जणांकडे प्रत्येकी थोडे पैसे मागू शकतेस. लोक कथा ऐकून पैसे देतात असं आपल्याला वाटतं. मी पाहिलेले फायनान्सर तरी आधीच्या कामाचा हिशेब मागतात.

त्या दिग्दर्शकाला या आठवड्यात एकच निरोप पाठव: कथेचं हक्कपत्र आणि पटकथेची बांधीव प्रत पाठवा, वाचून सांगते. एक वर्षाचा ऑप्शन करार कर, छोट्या रकमेचा, म्हणजे कथा तुझ्याकडे राहील आणि तुला शिकायला वेळ मिळेल. तो म्हणाला की आपल्यात कागद कशाला, विश्वास आहे ना, तर चहा पाज आणि विषय संपव. आणि दिवाळीनंतर वाईत युनिट यायला लागतात तेव्हा ये. गणपती घाटाजवळच्या चहाच्या टपऱ्यांवर सकाळी साडेपाचला प्रॉडक्शनची माणसं असतात. तिथे कुणालाही विचार असिस्टंट हवाय का म्हणून, आणि मोटारसायकलचं लायसन्स जवळ ठेव. पहिल्या दिवशी बहुतेक बर्फाच्या लाद्या आणायला पाठवतील.